खळ

काश्पर वर्ताल सगळं एकाच पानावर लिहायचा,
बासरीपासून डबल बासपर्यंत
चोवीस ओळी एकीखाली एक,
आणि मी, आपोलेना, ते पान उसवायची.
ओबोचा धागा ओबोला. हॉर्नचा हॉर्नला.
ट्रॉम्बोनवाल्यांना तीन भाग नुसती विश्रांती,
त्यांच्या कागदावर मोठाले आकडे:
एकशे बारा, छप्पन्न, चौऱ्याण्णव.
मी कडेला बारीक अक्षरात लिहून ठेवी,
इथे क्लॅरिनेट उसासते, आता वाद्य उचला.
त्याचे वेगळे पैसे नव्हते.
पानाला चार क्रॉयत्सर, मेणबत्ती माझी.

विणकराचा पोरगा.
डोंगरातल्या गावी बापाच्या मागाला दिवसभर खळ नसे,
धोटा इकडून तिकडे, फणीचा ठोका,
आणि हा मागाखाली बसून तुटले धागे गाठायचा.
चौदाव्या वर्षी लग्नांतून दुसरं फिडल,
तीन मात्रांच्या घरात दोनची पावलं टाकणारा तो नाच,
ज्यात म्हातारेसुद्धा चुकतात
आणि चुकल्यावर हसतात.
मग ब्र्नोची ऑर्गन-शाळा. चार वर्षं फ्युग.
तिथे हसायला मनाई होती.

पहिली सिम्फनी ऐकताना कळायचं, शाळा नुकतीच सुटलीय.
प्रत्येक सूर दारावर टकटक करून आत येणारा.
दुसरीत, तिसऱ्या भागात,
कुणालाही न विचारता माग सुरू झाला.
सेलोंचा ठोका, व्हायोलांचा धोटा,
आणि वर फिडलं चुकत होती, हसत होती.
नक्कल करता करता माझा पाय हलला, दौत कलंडली,
ते पान मला पुन्हा लिहावं लागलं.

व्हिएन्नाहून एक वर्तमानपत्र आलं.
खेड्यातली जत्रा, तीही चिखलासकट, असं काहीसं.
काश्पर माझ्या दारात, टोपी हातात,
जणू ते मीच छापलं होतं.
म्हणाला, अठ्ठेचाळीस घरं. सगळ्या प्रतींत. वर हे चिकटवा.
नवं लिहून आणलं होतं, तीस घरांचं, सभ्य,
खळ दिलेल्या कॉलरसारखं.

त्या रात्री मी पीठ कालवलं.
माझी आई बुकबाइंडरची मुलगी. ती म्हणायची,
खळ घट्ट केलीस तर खालचा कागद मेला,
पातळ ठेवलीस तर झोपला.
मी पातळ ठेवली.
एकतीस प्रती, एकतीस पट्ट्या,
कोपऱ्यांना थोडी, मधे जवळजवळ नाहीच.
काश्परने अंगठ्याने दाबून पाहिलं,
मग अंगठा तसाच ठेवला, जरा जास्तच वेळ.
ज्याच्या नखांत लहानपणापासून खळ वाळलेली
त्याला कळलं नसेल?
बोलला काही नाही.
पैसे मात्र पानामागे सहा दिले.

तिसरी सिम्फनी लांब होती. लोकांनी आदराने ऐकली.
मी तिची नक्कल केली. दौत जागच्या जागी राहिली.

काश्परला जाऊन अकरा वर्षं झाली.
आता नवा कंडक्टर आलाय, ओल्द्रिख श्तुर्मा,
सव्वीस वर्षांचा, कागदाला बोटं लावून वाचणारा.
काल सगळ्या जुन्या प्रती घेऊन आला,
दुसऱ्या सिम्फनीचं पान उजेडात धरलं:
बाई, इथे कागद जाड का आहे?

उत्तर मी अकरा वर्षं तोंडात धरून होते, तरी लगेच सुचेना.
किटली चुलीवर ठेवली. एवढंच.
पहिली पट्टी व्हायोलाची सुटली, वाफेत, सालीसारखी,
आणि खाली शाई होती तशी काळी.
तो गुणगुणायला लागला, चुकला, थांबला,
मी म्हटलं, थांबू नका.

अजून तीस प्रती आहेत.
ट्रॉम्बोनवाल्यांचे आकडे बदलायला हवेत,
तीसच्या जागी पुन्हा अठ्ठेचाळीस.
सवय गेलीय, मोजताना चुकतील.
चुकू देत.