ध चा मा न होता

ग्रिम्सबीच्या गोदीमागे, बंद पडलेल्या बर्फाच्या कारखान्याला लागून
आमचं संशोधन केंद्र. दोन खोल्या, एक शीतकपाट,
खिडकीच्या फटीतून येणारा हॅडॉकचा वास.
मी इथे रक्त काढते. एकवीस वर्षं झाली.

थेल्मा आणि मॅव्हिस सकाळी नवाला आल्या,
त्र्याहत्तर वर्षांच्या जुळ्या, एकाच बीजाच्या.
तेच टोकदार नाक, तीच डावीकडे कललेली मान,
हसताना ओठावर येणारा तोच एक दात.
थेल्मानं चाळीस वर्षं थंड शेडमध्ये उभं राहून मासे कापले.
तिचा नवरा आइसलंडकडे गेला, तो गेलाच.
मॅव्हिस लिंकनच्या दंतवैद्याची बायको,
काचघरात टोमॅटो, दारात गुलाब, ख्रिसमसला माडेरा.

पट्टा बांधला तेवढ्यात बाहेर कुणीतरी कुलपात किल्ली फिरवली.
मॅव्हिसचा खांदा कानापर्यंत गेला.
शीर आत पळाली, गोगलगायीसारखी.
तीनदा टोचावं लागलं.
थेल्मा म्हणाली, "तो मेला गं. मार्चमध्येच मेला."
"माहीत आहे मला," मॅव्हिस म्हणाली.
रक्ताला कुणी सांगितलं नसावं अजून.

महिन्यानं कागद आला. त्यावर रक्ताचं वय असतं:
थेल्माचं सत्तर.
मॅव्हिसचं एक्क्याऐंशी.
मला वाटलं, नळ्यांची अदलाबदल झाली. पुन्हा तपासलं.
नाही.

अक्षरं तीच होती, दोघींची, शेवटच्या कान्यापर्यंत.
कुणी ध चा मा केला नव्हता.
फक्त कुठे ओळीवर बोट ठेवलेलं,
कुठे पानाचा कोपरा दुमडलेला,
तूप सांडून चिकटलेल्या वहीसारखी
काही पानं आता उघडत नव्हती,
आणि जे पुटपुटायचं ते
कुणीतरी ओरडून वाचत होतं, रात्रंदिवस.

अर्जावर चौकटी होत्या: झोप, दारू, पालेभाज्या किती.
किल्लीच्या आवाजासाठी चौकट नव्हती.
एका आकड्यावरून एवढी गोष्ट रचू नये,
असं आमच्या हेस्लॉप बाई सांगतात,
आणि ते बरोबरच आहे.
मी तरी रचते.

कारण मीही एक नळी भरून दिली होती, माझी.
माझी साखर वाढते. घरात कुणालाच नव्हती.
बहात्तरच्या दुष्काळात मी पोटात होते
आणि आई करमाळ्याच्या रस्त्यावर खडी फोडत होती,
दुपारी ओंजळभर सुकडी,
रात्री लाल मिलोची भाकरी, तव्यावरच भेगाळणारी.
आत अंधारात मला एवढंच कळत होतं:
जपून. पुढेही असंच आहे.
ते मी ऐकलं. इतकं मनापासून ऐकलं
की आज क्लीथॉर्प्सला, भरलेल्या फ्रीजसमोर,
माझं अंग अजून तगाईच्या रांगेत उभं आहे,
मिळेल तो कण कनवटीला बांधत.

आईला हे सांगितलेलं नाही.
ती म्हणेल, म्हणजे माझंच चुकलं.
आणि फोनवरून मी तिला कशी समजावू
की चूक नव्हे, ती चिठ्ठी होती,
घाईत लिहिलेली, त्या वेळी अगदी खरी,
फक्त पत्ता बदलला.

दोन वर्षांनी दोघी पुन्हा आल्या.
मॅव्हिस आता थेल्माच्या माडीवर राहते.
हंबरवरून वारा आला, दार धाडकन आपटलं.
मॅव्हिस दचकली. दचकलीच.
मग बहिणीकडे बघून म्हणाली,
"तुझ्या मोरीचं दारही असंच आहे. तेल घाल त्याला."
"तू घाल. तुला काय काम असतं?"

मी पट्टा आवळला.
शीर पहिल्याच टोचणीला लागली.
आकडा काय येईल, ठाऊक नाही.
नळी भरत होती,
गडद, कोमट, सावकाश.