नवं घमेलं

कढई पसरट हवी, तळाला गोल,
लोखंड पातळ, आच लगेच बोलली पाहिजे.
सेलूच्या भांडेवाल्याकडं होत्या त्या सगळ्या
नॉनस्टिक, गुलाबी दांड्याच्या.
मग हार्डवेअरमधून घमेलं आणलं,
एकशे नव्वदचं, कडेला अजून स्टिकर.
आई म्हणाली, कुणाचा स्लॅब हाय रविवारचा?
आबा म्हणाले, बरं झालं, जुन्याला भोक पडलंय.

आधी चुलीवर जाळलं तासभर.
रंग गेला, वंगणाचा वास गेला,
निळं पडलं, मग करडं.
मग तेल पाजत बसलो त्याला चिंधीनं,
तान्ह्याची टाळू भरावी तसं.

हे मला नोर्बूनं शिकवलं, वाकडच्या गाडीवर.
गाडीवर फक्त चिकन आणि लाल रंग.
सोमवारी गाडी बंद, तेव्हा खोलीत
तो स्वतःपुरतं करायचा, खिडकी लावून;
घरमालकाला नाकही होतं नि करारही.
एकदा ताट पुढं सरकवून म्हणाला, चलेगा?
मी म्हणालो, आमच्या घरी हेच असतं.
त्यानं उलथनं खाली ठेवलं
आणि पहिल्यांदाच माझं गाव विचारलं.

घरात आम्ही पंदी म्हणतो.
शाळेत काहीच म्हणायचो नाही,
रविवारचं रविवारी संपवायचं,
सोमवारच्या डब्यात चटणी-भाकर.
बाणेरच्या हॉटेलात पोर्क म्हणतात,
चारशे ऐंशी, वर टॅक्स,
आणि माणसं आधी फोटो काढतात.

सकाळी तिमाप्पाकडून सव्वा किलो आणलं,
मांडीचं, चरबी बेताची.
फ्रीजरात दीड तास, कुल्फीच्या शेजारी;
जरा आकसलं की पातळ कापता येतं.
माझी सुरी घसरायली.
आबा खाटेवरून बघत होते.
चाळीस वर्षं दगड फोडलेला माणूस,
चुलीपाशी पाणी प्यायलाही येत नाही.
उठले. मांस हातात उलटंपालटं केलं,
अंगठा फिरवला.
नस हिकडून चाललीय, म्हणाले, आडवं घाल.
दगड नसेच्या वाटंनं फोडायचा,
हे नस तोडून.
आणि कापत बसले, कागदासारखं, न बोलता,
दोन बोटं सरळ होत नाहीत त्या हातानं.

सोया सॉस, कॉर्नफ्लॉवर, चिमूटभर साखर.
यात तांदळाची दारू घालतात, मी बोलून गेलो.
देशी चालंल का, आईनं विचारलं.
नको, म्हणालो, आबांकडं न बघता.
शिमला मिरची, गाजर, कोबी, पातीचा कांदा,
आणि गवार,
कारण तिनं ती मोडून ठेवलीच होती.

पुढचं सगळं अडीच मिनिटांत.
तेल धुरावलं, लसूण पडला, आलं पडलं,
मांस पसरलं, हलवायचं नाही, थांब,
आता.
घमेल्याला कान असतात, दांडा नसतो.
ओल्या गोणपाटानं कान धरून उडवलं,
गवारीच्या चार शेंगा चुलीत गेल्या.

एवढ्यात? आई म्हणाली.
तिचं सकाळी चढतं, दुपारी उतरतं,
येसर घालून, आळणी आधी काढून,
आणि मधी कुणी झाकण उघडलं तर
हातावर बसते.
तिनं भात बाजूला सारला, भाकर मोडली,
एक तुकडा बराच वेळ चावला.
कच्चंच हाय, म्हणाली,
गवार कामून वाजायली दाताखाली?
मग परत वाढून घेतलं
आणि परत म्हणाली, कच्चंच.

आबांनी काही म्हटलं नाही.
सोमवारी ते कामाला निघाले तेव्हा
नवं घमेलं भिंतीशी पालथं होतं, तेल पुसलेलं.
त्यांनी जुनंच उचललं,
उजेडाकडं धरून भोक बघितलं,
आणि त्यात चिंधी कोंबली.