दोर सैल होता

साक्षीदार क्रमांक तीन.
पुकारा झाला तवा मी बाहेर
निंबाखाली खर्रा घोटत होतो.
हात धोतराले पुसला, आत गेलो,
खरं बोलीन म्हनून सांगतलं,
आन् वकिलानं पहिलाच सवाल टाकला,
"ही भिंत कोणी बांधली?"

मीच बांधली, साहेब.
इकडे उकंडराव भोयराची ओसरी,
तिकडे चंपत ठोंबऱ्याचा गोठा,
मधात सांदवाडी,
एक बकरी जाईन, दोन नाही जानार इतकी.
नऊ इंची भिंत, मातीचा गारा,
वरच्या दोन थरांले सिमिट,
कारन सिमिट तेवढंच पुरलं.

"कोणत्या नकाशावरून?"

नकाशा?
आमच्या कामात नकाशा म्हंजे
घरधनीन दारात उभी राहून हात करते,
इथून, अशी, तिकडे.
गुन्या माहा होता, ओळंबा माहा होता.
दोर तेवढा ठोंबऱ्याचा,
इहिरीच्या बादलीचा सोडून आनलेला,
ओलाच होता अजून.

"दोर कोणी धरला?"

इथं मी थांबलो.
वर पंखा कुरकुरत होता.
एका बाकावर उकंडराव, एका बाकावर चंपत,
दोघांच्या मधात
एक बकरी जाईन इतकी जागा.
अठरा वर्सं झाले, हे दोघं
तारखेले दारव्ह्याले एकाच एसटीनं येतात.
एक डायवरच्या मांगं बसते,
एक शेवटच्या शिटावर हाडं मोडून घेते.

दोर या दोघांनीच धरला, साहेब.
हे टोक उकंडरावानं, ते टोक चंपतनं.
मजूर नव्हता त्या दिवशी,
बैलबाजारात गेल्ता.

"दोर बरोबर ताणला होता का?"

नाही.

आता सारं कोर्ट माह्याकडे पाहे.
कोर्ट कमिशनर फीत घेऊन येऊन गेल्ता,
मोजनीवाल्याची मशीन तीन पायांवर
ठोंबऱ्याच्या उकिरड्यात उभी राह्यली होती,
सगळ्यायनं लिहून देल्लं
का भिंत मधात साडेचार इंच फुगली,
गोठ्याच्या अंगाले.
साडेचार इंच म्हंजे विटेची रुंदी.
काऊन फुगली, हे कोनी नाही लिहिलं.

मी सांगतलं.
झालं असं, का दोर धरल्या धरल्या उकंडरावानं
चंपतच्या लग्नातली घोडी काढली,
मांडवात शिरून
याह्यांच्या पंगतीतल्या पत्रावळी
बुंदीसकट खाऊन गेलेली.
चंपत हसला.
मंग उकंडराव हसला.
हसता मानूस दोर धरते, पन तानत नाही.
मी बोंबललो, ताना ना बा, ताना!
तानला का एखाद्याले पुन्हा घोडी आठवे
आन् दोर ढिला पडे,
पोट काढून गोठ्याकडे जाये.
उन्हं चढले. शेवटी मी
तसाच चुना टाकला.
मलेही हसू आवरत नव्हतं.

जजसाहेबांनी चष्मा काढला,
पुसला, पुन्हा घातला.
बाबूले म्हनले, लिहा,
"बांधकामाचे वेळी दोर सैल होता."
बाबूनं टाईप केलं.
पुढचं नाही केलं,
त्याचा कायद्याशी संबंध नसन.

खाली उतरताना पाह्यलं,
चंपतनं दुपट्टा तोंडाले लावला होता.
खोकला असन.
उकंडराव वर पाहून रायला होता,
जशी त्याले पंख्याची मोजनी करायची हाय.

निकाल मांगच्या महिन्यात लागला.
फुगा काढावा, खर्चासह, प्रतिवादीनं.
काल उकंडराव माह्या दारात आला,
चपला काढल्या नाही, बसला नाही.
डोमा, एक वीट काढाची हाय म्हने.
माहे हात आता कापतात,
ओळंबा हातात धरला का
घड्याळासारखा हालते.
तरी मी म्हटलं, येतो,
पन दोराले दोन मानसं लागतीन,
एक तुह्याकडून, एक तिकडून.

पोरगा धरन म्हनला.
त्याचाही पोरगा हाय.

धरतीन.
बरोबर तानून धरतीन.
त्या पोरायले घोडी मालूम नाही.