जवाशाची साखर

चैत सरता सरता सिंदफणेचं पात्र
भाजलेल्या पापडासारखं फुगतं, तडकतं.
बोरी नागड्या. बाभळी धूळ पांघरून उभ्या.
अशात हा मेला हिरवा होतो.

गुडघ्याएवढा, फार तर मांडीला लागेल.
पानं चिमूटभर, काटे ओंजळभर.
आणि फूल याच्या फांदीला येत नाही,
काट्यालाच येतं.
ठेवण तुरीच्या फुलाची, रंग तांबूस-जांभळा,
जणू टोचायला निघालेल्या माणसाला
मध्येच काहीतरी आठवलं.

गावात त्याला नाव घेऊन कुणी बोलवत नाही.
‘ते काटं’ म्हणतात.
माय तेवढी जवासा म्हणायची.

खुरपं नाही, कुदळ न्यायची ती.
हातभर मूळ निघालं की झटकायची,
सुतळीनं जुडी बांधायची,
आणि आम्ही दोघी बीडच्या एसटीत.
कंडक्टर विचारायचा, मावशी, सरपण कुठं चाललंय?
ती म्हणायची, दवाखान्यात.

कारंजाजवळ हकीम मोईनोद्दीनचं दुकान.
तो मूळ हुंगायचा, जिभेला टेकवायचा,
मगच तराजू उचलायचा.
एकदा सुटे पैसे मोजता मोजता म्हणाला,
सोजरबाई, खुरासान में यही झाड
रात को मीठा पसीना छोडता.
सुबू काट्यों पे शक्कर के दाने.
तुरंजबीन बोलते उसकू.
यां का नै देता.

का नाही देत? माय म्हणाली.
मिट्टी का मामला है, बाई.

एसटीत ती खिडकीकडं तोंड करून बसली.
फाट्यावर उतरल्यावर एवढंच बोलली :
आपल्या मातीनं त्याचं काय घोडं मारलंय?

मी नऊ वर्षांची.
दुसऱ्या दिवसापासून तांबडं फुटायच्या आत
नदीकाठी जाऊन काटे चाटायचे.
धूळ लागायची. कधी शेळीचा केस.
एकदा जीभ टोचली, तर खारट.
आणि एकदा झुडपाभोवती पावलं दिसली,
ताजी, अनवाणी,
डाव्या पायाची करंगळी बाहेर वळलेली.
घरात तसा पाय एकच होता.

मी विचारलं नाही. तिनं सांगितलं नाही.

पुढं केकाणांच्या विहिरीचं काम निघालं.
पाच परसाखाली, मुरूम संपून खडक लागला तिथं
हणमंतू वडार थांबला, वर बघून ओरडला :
इथं मूळ हाय!
सुतळीएवढं. खडकाच्या चिरेत शिरलेलं.
आसपास झाड एक नव्हतं,
काठावर हाच, गुडघ्याएवढा.
माय पालथी पडून आत वाकली.
अजून खालीच चाललंय का रं?
व्हय, खालीच.
तेव्हा ती हसली, अशी की
वरचे माणसं तिचा पदर धरून उभे राहिले.
आन् मी हातभर काढून
पुऱ्याचे पैसे घेत होते, म्हणाली.

हकिमाच्या जागी आता मोबाइलची कव्हरं लटकतात.
माय थकली. परवा तालुक्याला नेलं,
पोरगेल्या डॉक्टरनं बोटाला टोचून
थेंब काढला, यंत्रात घातला,
म्हणाला, आजी, शुगर आहे तुम्हाला. बरीच आहे.

माय बोटाकडं बघत राहिली.
कुठून आली म्हणावं? खुरासानातून?
डॉक्टरला कळेना. मला हसू आवरेना.

वाटेत जीप थांबवायला लावली तिनं.
मी उतरून एक डहाळी मोडून आणली,
काट्यावर एक फूल, दोन कळ्या.
ती तिनं दोन बोटांत धरली,
फूल अंगठ्यानं बाजूला सारलं,
आणि माझ्यादेखत, ड्रायव्हरच्यादेखत
काट्याचं टोक जिभेला लावलं.

मी वाट बघितली.

अजून नाही, माय म्हणाली,
आणि डहाळी पदरात बांधली.