खरी नक्कल

भूमी अभिलेखात सत्तावीस वर्षं
मी दुसऱ्यांच्या जमिनीच्या नकला दिल्या.
खाली गोल शिक्का: खरी नक्कल.
कोणी विचारलं नाही,
नक्कल खरी कशी असते, बाई?

कॅमेरा सीताबर्डीतून घेतला, जुना.
पट्ट्यावर बॉलपेननं 'जांभुळकर व्हिडिओ',
आत विसरलेली कॅसेट,
कॅसेटवर कुणाची तरी अर्धी हळद.
ती पुसली नाही.
माझा सिनेमा तिथूनच सुरू होतो:
एक अनोळखी मुलगी, पिवळी,
शिंकते.

मग तांडापेठ. माग होते तिथे
पाण्याच्या कॅनचं दुकान.
मग मी. तेल लावताना, पोळी करपू देताना,
वीजबिलावर हिशेब करताना.
सुरुवातीला चांगली दिसायला बघायची.
एकदा चहा पुन्हा ओतला,
पहिल्या वेळी उजेड मागून येत होता म्हणून.
दोन्ही चहा ठेवलेत.
यातला प्यायले तो कोणता,
आता मलाही सांगता येत नाही.

शेजारची वनमाला दारातून म्हणाली,
"काय करून राह्यली वं तू?
तुह्यात पाहासारखं काय हाय?"
ती कॅमेऱ्यात नाही, आवाज आहे.
त्याच्यावर मी काही बोलले नाही.
तेही आहे.

एप्रिल ते जून प्रत्येक वाक्यावर कूलर.
पाहणाऱ्याला वाटेल,
या घरात खरं ते फक्त थंडीत बोलतात.
तसं नाही. सत्तेचाळीस डिग्रीच्या दुपारीच
मी खुशालला सांगितलं, परत येणार नाही.
ओठ हलताना दिसतात.
त्याचा हात दाराच्या कडीवर.
बाकी घरघर, आणि वाळ्यातून
टिपटिप गळणारं पाणी.
आवाज साफ करून देतो म्हणाला एक पोरगा.
मी नको म्हटलं.

जानेवारी. बाबा खाटेवर, पायात मोजे.
सरळ कॅमेऱ्यात बघून विचारतात,
"बाई, तुमचं नाव काय जी?"
इथे कॅमेरा स्वतःहून त्यांना सोडतो,
मागे चादर पांघरलेल्या कूलरवर जातो.
जास्वंदी स्पष्ट, धुऊन फिकट झालेल्या.
बाबा धूसर.
माझा आवाज येतो जरा उशिरा:
"निनावे."
"आमचंबी तेच," ते खूश होतात.
"मंग तं काई नातंच निघन."

हा तुकडा मी कापला.
जोडला. पुन्हा कापला.
तुटलेला धागा जोडताना बाबा
गाठ उलट्या बाजूला न्यायचे,
नेसणारीला कधी लागायची नाही.
मला ते जमत नाही.
माझी गाठ वरच राहिली,
तिथे चित्र उडी मारतं:
बाबा, आणि लगेच
नुसती खाट, उन्हात उभी केलेली.

शेवटी शिक्का मारावा असं फार होतं मनात.
पण कार्यालयाचा शिक्का घरी नेता येत नाही,
आणि मी तर मार्चमध्येच निवृत्त झाले.
म्हणून शेवटी काळोख ठेवलाय, चांगला लांब.
गच्चीत, धुतल्या चादरीवर
पहिल्यांदा दाखवला तेव्हा
त्या काळोखात कोणी हललं नाही.
मग वनमाला:
"झालं काय वं?
त्या शिंकणाऱ्या पोरीचं मंग काय झालं?"