पाव लिटर

रामबागेच्या वळणावर, बंद पडलेल्या गिरणीला लागून
हटकर दुग्धालय. पाटीवरची गाय
दर दिवाळीला नव्याने रंगायची
आणि दरवेळी थोडी म्हैस व्हायची.

मी तिथे वही लिहायचो. गल्ल्यावर काशिराव.
पहाटे चारला सांवेरहून कॅन यायचे,
ते अंगठ्याच्या नखावर थेंब धरायचे:
उभा राहिला तर दूध, पसरला तर पाणी.
लॅक्टोमीटर खोक्यातच, सरकारी माणसासाठी.
वैशाखात पाणी आम्हीही घालायचो, नळाचंच.
वहीत त्याला शब्द होता, 'ऊन'.
आज ऊन तीन लिटर.

घरंन् घर त्यांना पाठ.
"पुराणिकांकडे पाव वाढलं, सून बाळंत झाली असणार."
"कानड्यांनी दोन दिवस घेतलं नाही. जा, बघून ये."
मी गेलो. जिन्यात चपलाच चपला.
त्या महिन्याचं बिल मला लिहायला लावलं,
मग खोडायला.

तिकीट मिळालं तेव्हा प्रचार असा करावाच लागला नाही.
दारात उभे राहून हात जोडायच्या आधी विचारायचे,
"हल्ली साय धरते का?"
आतून बायका ओरडायच्या, "कुठली साय, भिया!"
एकोणीसशे मतांनी आले निवडून.

पहिल्या वर्षी भोपाळहून फोन यायचा, चारलाच.
"झोप नाही रे. इथं कॅन वाजत नाहीत.
वाच जरा."
मी वाचायचो: मुळ्ये दीड. बक्षी एक.
सप्रे बंद, पुण्याला गेले मुलाकडे.
पलीकडे नुसता श्वास.
दुसऱ्या वर्षापासून फोन दुपारी यायला लागला,
स्वीय सहायकाचा.

भेसळीवर चर्चा होती, त्या दिवशी
दुकान अर्धं ओढून आम्ही टीव्हीपुढे.
काशिराव उठले. कागद बाजूला ठेवला.
नख वर धरलं, कॅमेऱ्यासमोर.
"अध्यक्ष महोदय, थेंब..."
आणि घंटा वाजली. वेळ संपली होती.
मागे कुणीतरी हसलं.
ते खाली बसले, अंगठा मात्र
जरा वेळ तसाच वर.
'ऊन' म्हणणार होते का ते?
मी कधी विचारलं नाही.

पुढची निवडणूक हरले. किती मतांनी,
ते मला आठवत नाही, त्यांनाही सांगवत नाही.
त्याच काळात वहिनी गेल्या.
आता दुकान पोराचं, दूध पिशवीतलं,
थेंबाची कुणाला गरज नाही.
तरी चारला येऊन स्टुलावर बसतात.

काल म्हणाले, "आमचं घर वहीत कुठंय?"
नव्हतंच कधी. मालकाचं घर कोण लिहितं?
"लिही. हटकर, पाव."
मी पेन उघडलं.
"आणि बिल घे महिन्याला," म्हणाले,
"खोडू नकोस."