सात नंबर

दारूखान्यात रात्रपाळीला सात गोदामं माझ्याकडे.
टॉर्च, शिट्टी, काठी,
आणि खिशात वायरमनच्या परीक्षेच्या चिठ्ठ्या:
पोरीच्या वहीतल्या उरलेल्या पानांचे तुकडे,
पुढे प्रश्न, मागे उत्तर.

पहिल्या वर्षी एका रात्रीत सगळं घोकलं.
पहाटे पोपटासारखं पाठ.
आणि परीक्षेच्या बाकावर
पालथ्या घड्यावरचं पाणी.

क्रेनवाले बरकतचाचा म्हणाले,
"कणीक मळलीस की झाकून ठेवतोस ना?"
एवढंच.
आणि विडी पेटवायला वळले.

मग मी चिठ्ठ्या गोदामांना वाटून दिल्या.
नवी चिठ्ठी फाटकाच्या केबिनमध्ये, रोज.
बरोबर आली की तीन नंबरला, बिजागरीत खोचून,
तिथं दोन दिवसांआड.
तिथंही आली तर पाच नंबर, आठवड्यानं.
सात नंबर पार खाडीच्या अंगाला,
गंजक्या नांगरांच्या ढिगामागे;
तिथल्या चिठ्ठ्यांना महिन्यातून एकदाच हात.
चुकली की सरळ परत फाटकावर.
किती का जुनी असेना, भीडभाड नाही.

ओहमचा नियम सात नंबरला पोचला.
फ्यूजची तार अजून तीनलाच घुटमळते.

काल पाच नंबरला उभा होतो,
अर्थिंगचा खड्डा किती खोल?
येईना.
गेल्या मंगळवारी येत होतं.
चिठ्ठी लगेच नाही उलटली,
टॉर्चही विझवला.
विसरलेल्या गोष्टीच्या दाराशी
जरा वेळ उभं राहावं लागतं,
आतून कुणीतरी कडी चाचपत असतं.
लांब कुठं गॅस कटर सुरू झाला, बंद झाला,
कुत्रं येऊन पायाशी बसलं,
आणि मग आलं उत्तर,
झोपेतून उठल्यासारखं, डोळे चोळत.
असं आलेलं लवकर जात नाही.

एक चिठ्ठी मात्र आहे:
काम धरण्याआधी काय?
आधी मेन बंद.
घाटकोपरच्या एका मांडवात
आमच्या जनूनं वायर उचलली,
त्या दिवसापासून झोपेतही म्हणेन मी ती.
हिशोबानं केव्हाच सात नंबरला जायची.
चाचाही म्हणाले, काय रोज रोज तीच.

ती मी फाटकावरच ठेवलीय.
रोज वाचतो.
चुकत नाही.